घुंगरचं शेवटचं पान

बरखेडा, भोपाळ
९ एप्रिल १९९९

प्रिय नलू,

अनेक आशीर्वाद. तुझा सिनेमा पाहिला. मार्चच्या शेवटच्या रविवारी दुपारी टीव्हीवर लागणार असं अशोकनं नागपूरहून फोनवर सांगितलं होतं, म्हणून मी चैत्रगौरीचं हळदीकुंकू मुद्दाम त्याच दिवशी ठेवलं. बायका आंब्याची डाळ खायला आल्या आणि पन्ह्याचे पेले हातात धरून तुझ्या अस्वलिणीसमोर बसून राहिल्या. समोरच्या क्वार्टरमधल्या सरोजभाभी तर तुझं नाव दिसताच एवढ्यानं ओरडल्या, "अरे, ये तो अपनी नलू है!" की उषावहिनींच्या हातातलं पन्हं सतरंजीवर सांडलं. मी नेमकी चष्मा पुसत होते. चष्मा लावेपर्यंत नाव गेलं होतं. आठ वर्षांत तुझं दर्शन म्हणून झालं ते एवढंच, आणि तेही चुकलं. पण त्याच्या खालची ओळ मात्र मिळाली. बाबांनीच ती मोठ्यानं वाचली, "आईनं वाचून दाखवलेल्या गोष्टीवरून." मग ते आतल्या खोलीत गेले आणि सिनेमा संपेपर्यंत दारातच उभे राहून बघत होते. बस म्हटलं तरी बसले नाहीत.

त्या ओळीनं माझी झोप गेली आहे. का ते सांगते, पण मला सगळं एकदम लिहिता येत नाही, तुला माहीत आहे. मी क्रमानंच लिहिणार.

घरी सध्या सामान बांधणं चालू आहे. बाबा ह्या महिन्याच्या अखेरीला रिटायर होतात. क्वार्टर जूनच्या शेवटी सोडावं लागेल. आनंद नगरला दोन खोल्यांचं घर घेतलं आहे, पुढे तुळशीपुरती जागा आहे. आंब्याचं झाड काही नेता येत नाही. ह्या वर्षी त्याला मोहोर चांगला आला होता, कैऱ्याही धरल्या आहेत, पण पिकतील तोवर आपण असू की नसू कुणास ठाऊक. छत्तीस वर्षं ह्याच भिंती. तू रांगलीस ती जमीन, तू खिळ्यानं तुझी उंची कोरलेली चौकट, सगळं कारखान्याचं, आपलं काहीच नाही, हे आता कळतंय. चौकटीवरच्या त्या रेघांवर बाबांनी परवा रंग लावू दिला नाही. रंगारी म्हणाला, "साहब, हैंडओवर में लिख देंगे." बाबा म्हणाले, "लिखने दो."

आता मुद्द्याचं. सरोजभाभींनी एक हिंदी पेपराचं कात्रण आणून दिलं. तुझ्या सिनेमाबद्दल चांगलं लिहिलंय, फोटोही आहे, केस कापलेस वाटतं. शेवटी मात्र त्या लिहिणाऱ्यानं टोमणा मारला आहे, की मूळ पुस्तकात घुंगर नर होता, वीस वर्षांपूर्वीच्या सिनेमातही नरच होता, आता ह्या बाईंनी जमाना बघून त्याची मादी करून टाकली. आणि त्याला तू दिलेलं उत्तरही खाली छापलं आहे. "मी काहीही बदललेलं नाही. ते पुस्तक आता कुठेच मिळत नाही, पण माझ्या आईनं ते मला पन्नास वेळा वाचून दाखवलं आहे. घुंगर मुलगीच होती. बदललं असेल तर आधीच्या सिनेमावाल्यांनी. माझी आई पोथीतला शब्दसुद्धा इकडचा तिकडे करत नाही."

नलू, हे वाचून मी देवापुढे जाऊन बसले. हात जोडायचा धीर झाला नाही.

घुंगर मुलगी नव्हती. तो पेपरवाला खरं बोलतो आहे. पुस्तकात पहिल्या पानापासून घुंगर नर आहे, सिनेमावाल्यांनी काही बदललं नव्हतं. बदललं मी.

तुला कितपत आठवतं माहीत नाही. तू पाच वर्षांची होतीस. लायब्ररीचं कार्ड फक्त नोकरीवाल्याच्या नावावर मिळायचं, म्हणून पुस्तकं बाबाच आणायचे, आणि आणायचे ती अशोकसाठी. अशोकला चेंडूपुढे काही सुचत नव्हतं. मग ती हिंदी पुस्तकं माझ्या वाट्याला यायची. संध्याकाळी देवाजवळ दिवा लावला, कुकर चढवला, की तू पिठाच्या डब्यावर चढून बसायचीस आणि मी डोळ्यांनी हिंदी वाचत तोंडानं मराठी सांगायचे. घुंगरचं पुस्तक आलं त्या दिवशी मी पहिली ओळ सांगितली, की नर्मदेच्या काठी डोंगरात घुंगर नावाचं एक अस्वल होतं, आणि तू लगेच विचारलंस, "मुलगा की मुलगी?" चित्रात नुसता काळा केसाळ गोळा. पुस्तकात मात्र स्वच्छ लिहिलेलं. मी म्हटलं, "मुलगी."

का म्हटलं, ह्याचा मी पुढे पुष्कळ विचार केला. माझा मॅट्रिकचा निकाल लग्नानंतर अकरा दिवसांनी उज्जैनहून पोस्टानं आला. सेकंड क्लास होता. बाबांनी पेढे आणले, तुझ्या आजीनं कागद देवापुढे ठेवला, सगळ्यांनी कौतुक केलं आणि तो पत्र्याच्या पेटीत गेला, तो तिथेच आहे. कुणी वाईट वागलं असं नाही. पुढे काय, असं कुणी विचारलं नाही एवढंच. आणि त्या पुस्तकात मादी म्हणून होती ती घुंगरची आई, पहिल्या पानापासून गुहेच्या तोंडाशी बसलेली. नदीपलीकडे रोज संध्याकाळी दिवे दिसतात, ते कसले हे बघायला जायचं असं घुंगरला वाटतं, म्हातारी अस्वलं म्हणतात जाऊ नकोस, आणि घुंगर जातो. तुला मी त्या गुहेच्या तोंडाशी बसवायला तयार नव्हते. एवढाच विचार, तोही धड केलेला नाही, कुकरची शिट्टी व्हायच्या आत तोंडातून गेलेला.

पण मग मागे फिरता येईना. रोज सांगताना मला प्रत्येक ओळ बदलून घ्यावी लागे, कुठे चूक झाली तर तू पकडायचीस. पोथी वाचताना माझी एक मात्रा चुकली तरी मी ती ओवी पुन्हा म्हणते, आणि इकडे अख्खं पुस्तक फिरवत होते. सरोजभाभींनी एकदा खिडकीतून ऐकलं. त्यांच्याकडेही ते पुस्तक येऊन गेलं होतं. कमरेवर हात ठेवून म्हणाल्या, "दीदी, हमारे यहाँ तो ये भालू लड़का था। आपके घर आते ही साड़ी पहन ली क्या?" मी म्हटलं, चूप बसा, नलू ऐकेल. बिचाऱ्या आजवर चूप आहेत. परवा सिनेमा संपल्यावर माझा हात दाबून म्हणाल्या, "पहन ही ली आख़िर."

तू शाळेत हिंदी अक्षरं जुळवायला लागलीस तेव्हा माझं धाबं दणाणलं. पुस्तक परत गेलं असं मी तुला सांगितलं. तू दोन दिवस रुसलीस. नलू, ते परत गेलं नव्हतं. मी ते पत्र्याच्या पेटीत, माझ्या निकालाच्या कागदाखाली ठेवलं. बाबांनाही सांगितलं की शेजारच्यांच्या हाती पाठवून दिलं. त्याच वर्षी लायब्ररी जुन्या शेडमधून नव्या इमारतीत गेली, रजिस्टरं इकडची तिकडे झाली, कुणी विचारलं नाही. जन्मात मी एवढीच चोरी केली.

मग क्लबच्या मैदानावर तो सिनेमा आला. तू दहा वर्षांची होतीस, पहिल्या रांगेत सतरंजी टाकून बसलीस. पडद्यावर घुंगर आला आणि पुरुषी आवाजात बोलायला लागला. तू उभी राहिलीस. सगळ्या मैदानाला ऐकू जाईल असं ओरडलीस, "ये ग़लत है! घुंगर लड़की है!" लोक हसले. कुणा साहेबांची बायको म्हणाली, "बैठो बेटा, भालू तो भालू होता है।" तू माझ्याकडे वळून म्हणालीस, "आई, सांग ना ह्यांना." तो तुझा चेहरा मला आजही दिसतो. मी म्हटलं, "चल घरी, दूध उतू जाईल." शेगडीवर दूध नव्हतंच. अर्धा सिनेमा सोडून मी तुला ओढत घरी आणलं. वाटभर तू रडत होतीस आणि म्हणत होतीस की त्यांनी चुकीचं केलं. मी म्हटलं, "हो, त्यांनी चुकीचं केलं." पहिलं खोटं तुझ्यासाठी बोलले असेन. हे मात्र माझ्यासाठी होतं.

तेव्हा लोक हसले म्हणून तुला ओढून आणलं असं तुला वाटलं असेल. तसं नव्हतं. सिनेमाचा शेवट तू बघू नयेस असं मला वाटत होतं. त्याचं पुढे लिहिते.

तू पुण्याला सिनेमा शिकायला जाते म्हणालीस तेव्हा बाबा आठ दिवस जेवणापुरतं बोलत होते. मी काही भांडले नाही, तुझ्यासाठी दशम्या केल्या आणि डबा बांधला. बाबा म्हणाले, "म्हणजे तू ठरवलंच आहेस." मी म्हटलं, "तिनं ठरवलंय, मी दशम्या केल्यात." घुंगर नदीत उतरली होती, मला मनात कुठेतरी गारवा वाटत होता.

आणि त्याच बाईनं तीन वर्षांनी काय केलं ते तुला सांगायला नको, पण मला लिहायला हवं. आठ वर्षांत तू पाठवलेल्या प्रत्येक कार्डाला मी उत्तर दिलं आणि एकदाही हे लिहिलं नाही. अशोकच्या लग्नाला तू आलीस. किती आनंदात होतीस, मांडवात वाढायला पदर खोचून उभी. दुसऱ्या दिवशी संध्याकाळची तुझी गाडी. ग्वाल्हेरची ती मंडळी त्या दिवशी चार वाजता तुला बघायला येणार हे मला आठवडाभर आधीपासून माहीत होतं. बाबांनी ठरवलं होतं, पण कपाट बाबांनी लावलं नव्हतं. तू आंघोळीला गेलीस तेव्हा तुझी निळी बॅग, तिकिटासकट, मीच कपाटात ठेवली आणि किल्ली कमरेला लावली. मला वाटलं, मुलगा चांगला आहे, इथे आपल्याच कारखान्यात नोकरीला आहे, दोन गल्ल्या सोडून राहील, रोज संध्याकाळी दिसेल. एवढ्याच लोभापायी. तू बॅग मागितलीस, मी म्हटलं, "आधी चहा घेऊन जा बाहेर, मग देते." तू माझ्या कमरेकडे बघितलंस. ट्रे ओट्यावर ठेवलास आणि मागच्या दारानं, चपला घालून, खांद्याला पर्स तेवढी घेऊन गेलीस. मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून तुला फाटकाबाहेर जाताना पाहिलं. हाक मारली असती तर बाहेरच्या खोलीत ऐकू गेलं असतं, आणि कुणीतरी तुझ्यामागे धावलं असतं. म्हणून मारली नाही. त्या दिवशी तुझ्यासाठी मी केलं ते एवढंच.

मग चहा मीच बाहेर नेला.

आता ह्या आठवड्यातली गोष्ट. रिटायर होताना प्रत्येक खात्यातून शिक्का घ्यावा लागतो, की ह्यांच्याकडे आमचं काही राहिलेलं नाही. स्टोअर झालं, दवाखाना झाला, क्लब झाला. लायब्ररीतला क्लार्क जुनं रजिस्टर उलगडून म्हणाला, "साहब, और तो सब ठीक है, बस आपके नाम पे एक भालू निकल रहा है। तिहत्तर से।" ज्या माणसानं सदतीस वर्षांत कारखान्यातून पेन्सिल घरी आणली नाही, त्याला हे सगळ्यांसमोर ऐकावं लागलं. घरी येऊन टोपी काढायच्या आधी म्हणाले, "अगं, माझ्या नावावर एक अस्वल आहे म्हणे, सव्वीस वर्षांचं. हरवलं असं लिहून देतो." मी पेटी उघडली आणि पुस्तक त्यांच्यापुढे ठेवलं.

ते खोक्यांच्या मधे पलंगावर बसून पहिल्या पानापासून वाचायला लागले. तीन-चार पानांनंतर चष्म्यावरून बघत म्हणाले, "हा तर नर आहे." मी म्हटलं, हो. पुन्हा वाचायला लागले. शेवटच्या पानावर आले तेव्हा थांबले, ते पान दोनदा वाचलं आणि म्हणाले, "हे नलूच्या सिनेमात नाही. तिचा सिनेमा पलीकडच्या काठावर संपतो."

नलू, मी तुला रोज तिथपर्यंतच वाचून दाखवत होते. घुंगर पलीकडच्या काठावर चढते, अंगावरचं पाणी झटकते आणि दिव्यांकडे चालायला लागते. तिथे मी पुस्तक मिटायचे. तू विचारायचीस, "मग?" आणि मी म्हणायचे, "मग काय, ती पुढे गेली." त्याच्यापुढे आणखी एक पान होतं. ते मी तुला कधीच सांगितलं नाही. म्हणूनच पुस्तक पेटीत ठेवलं, म्हणूनच मैदानातून उठवून आणलं. बाबांनी विचारलं, "का नाही सांगितलंस?" मी म्हटलं, "त्यात घुंगर घरी परत येतो. तो नर आहे, म्हणून येतो, राहतो आणि सकाळी पुन्हा निघतो. त्याला कुणी अडवत नाही. मी मुलगी केली होती. मुलगी परत आली असती तर तिला आपण पुन्हा जाऊ दिलं असतं का?" तुझी निळी बॅग मी केव्हाच कपाटातून काढून वर ठेवली आहे, ती आम्हां दोघांनाही दिसत होती. बाबा म्हणाले, "म्हणजे तुला आधीपासून ठाऊक होतं. आणि तरी तू ती किल्ली…" उठून बाहेर गेले आणि आंब्याला पाणी घातलं. सकाळी मी घातलं होतं, तरी घातलं. आत आल्यावर म्हणाले, "लायब्ररीचा शिक्का मी सगळ्यात शेवटी घेईन. तू आधी ते पान तिला वाचून दाखव."

म्हणून हे पत्र. पेपरवाल्यांना खरं काय ते कळव, माझं नाव घालून कळव, मला त्याची लाज नाही. आणि आता हे पान ऐक, पिठाच्या डब्यावर बसली आहेस असं समज. "मोहाची फुलं पडायच्या दिवसांत एका संध्याकाळी घुंगर नदी पोहून परत आली. आई गुहेच्या तोंडाशीच बसली होती. इतके दिवस कुठे होतीस, असं तिनं विचारलं नाही. ती थोडी सरकली, जागा झाली. घुंगर म्हणाली, ते दिवे म्हणजे माणसांची घरं आहेत. आई म्हणाली, सांग मला, एकेक घर सांग. सांगता सांगता दोघींना झोप लागली. सकाळी घुंगर निघाली तेव्हा आई तिच्याबरोबर काठापर्यंत आली, पाण्यात पाय घालून तिनं बघितलं आणि म्हणाली, आज इकडून जा, इथे उथळ आहे." एवढंच पान आहे. नराची मादी केली, ती तेवढी राहू दे. बाकी ह्या वेळी एक अक्षर इकडचं तिकडे केलेलं नाही. कपाटाची किल्ली ह्याच पाकिटात घातली आहे, दुसरी किल्ली नाही. जूनच्या शेवटापर्यंत आम्ही ह्याच घरात आहोत. कुणाला बोलावलेलं नाही, कुणी येणार नाही. येशील तेव्हा परतीचं तिकीट आधी काढ आणि ते स्वतःजवळच ठेव, मी मागितलं तरी देऊ नकोस. निघायच्या दिवशी मी स्टेशनवर येईन. इथल्या जवळच्या हबीबगंजला गाडी दोनच मिनिटं थांबते, चढताना घाई होते. तुला भोपाळच्या मोठ्या स्टेशनवरून बसवून देईन, तिथे वेळ मिळतो.

तुझीच,
आई